मॅटसन, हान्स

(२३ डिसेंबर १८३२ – ५ मार्च १८९३). स्वीडनमधून अमेरिकेत गेलेला वसाहतकार, रेल्वे कंपन्यांचा जमीन-प्रतिनिधी, मिनेसोटा राज्याचा सचिव व कलकत्ता येथील अमेरिकन महावाणिज्यदूत. जन्म दक्षिण स्वीडनमधील ओनेस्टाड येथे शेतकरी कुटुंबात. काही काळ तोफखान्यात उमेदवारी करून १८५१ मध्ये तो बॉस्टनला आला आणि सुरुवातीस मिळेल ती मजुरी करून राहिला. १८५३ मध्ये काही स्वीडिश कुटुंबांसह तो मिनेसोटात गेला. तेथे त्यांनी वसविलेले गाव पुढे ‘वासा’ या नावाने प्रसिद्धीस आले. या प्रदेशावरील हक्क डकोटा या मूळ रहिवाशांनी १८५१ च्या मेंडोटा तहान्वये सोडला होता. तहाच्या रकमेचा हप्ता वेळेवर न मिळाल्याने १८६२ मध्ये त्यांनी उठाव केला.

१८५७ च्या आर्थिक मंदीत मॅटसन कर्जबाजारी झाला; नंतर कायद्याचा अभ्यास करून तो वकिलीकडे वळला. यादवी युद्धात (१८६१–६५) त्याने स्कँडिनेव्हियन स्वयंसैनिकांची तुकडी उभारली व तो कर्नलपदापर्यंत चढला. ज्या तिसऱ्या मिनेसोटा पलटणीत ही तुकडी होती, तिच्यातील सैनिकांचा डकोटांचा उठाव मोडण्यासाठीही उपयोग करण्यात आला.

१८६७ मध्ये तो राज्याच्या स्थलांतर मंडळाचा सचिव झाला. त्याचे खरे कार्य येथून सुरू होते. केंद्र सरकारने रेल्वे कंपन्यांना लोहमार्गाच्या दुतर्फा एकाआड एक असे जमिनीचे चौरस पट्टे दिले होते. ते शेतकऱ्यांना विकून भांडवल उभारावयाचे व त्यांच्याच धान्याच्या वाहतुकीवर पुढे उत्पन्न मिळवावयाचे, अशी ही योजना होती. त्यामुळे लोहमार्गाइतकीच वस्तीचीही निकड होती. १८७०–७२ या काळात राज्यसचिवपद भूषविणारा मॅटसन १८७१ मध्ये नॉर्दर्न पॅसिफिक रेल्वेचा प्रतिनिधी म्हणून स्वीडनला गेला. मायभूमीतील गरीब शेतकऱ्यांना तो स्वतःच्या उदाहरणाने परदेशाची वाट दाखवू लागला. मात्र या उपदेशामागे कंपनीचा स्वार्थ होता, हे विसरता येत नाही. १८७३ मध्ये जे कुक ही पेढी बुडाली, लोहमार्गाचे काम मिसूरी नदीकाठच्या बिस्मार्क येथे थांबले आणि या प्रचारातील आश्वासने काही काळ तरी पोकळ ठरली.

१८८१ मध्ये राष्ट्राध्यक्ष गारफील्ड यांनी त्याची कलकत्ता येथे महावाणिज्यदूत म्हणून नेमणूक केली. हिंदुस्थानचे परराष्ट्रसंबंध लंडनहून चालत असल्याने या पदाचे काम मुख्यतः व्यापारी स्वरूपाचे होते. १८८३ मध्ये तो पदमुक्त झाला. नॉर्दर्न पॅसिफिक मार्ग पुरा झाला तोही याच वर्षी. हिंदुस्थानातील वास्तव्याचे अनुभव त्याने आपल्या आठवणींत (स्वीडिश १८९०, इंग्रजी १८९१) सांगितले आहेत. १८८७–९१ मध्ये तो पुन्हा राज्यसचिव होता. मिनीॲपोलिस येथे त्याचे निधन झाले.