घरातील उदासीनतेची वेळीच दखल

देवरूख परिसरातील पुष्कळ घरांत कर्ता पुरुष मुंबईस नोकरीला असतो. भातशेती, गुरे व म्हातारी माणसे यांचा भार मागे राहिलेल्या गृहिणीवर पडतो. भाताचे पान पिवळे पडले की लगेच चौकशी होते. मात्र हीच गृहिणी दोन आठवडे नीट जेवेनाशी, झोपेनाशी, बोलेनाशी झाली, तर घरात त्यास आळस अथवा बाहेरची बाधा म्हणतात! वस्तुतः हा नैराश्याचा आजार असू शकतो आणि तो उपचारांनी बरा होतो. अशा वेळी उपदेश करू नये. शेजारी बसून ऐकावे. जिवाचे बरेवाईट करण्याचा विचार येतो काय, हे स्पष्ट विचारावे. विचारल्याने तो बळावत नाही. आंबा-काजूवरील फवारणीची औषधे त्याच दिवशी कुलुपात ठेवावीत व किल्ली दुसऱ्याने बाळगावी. एवढ्यानेही जीव वाचू शकतो. टेलि-मानसच्या १४४१६ या क्रमांकावर २०२२ पासून रात्रंदिवस विनामूल्य सल्ला मिळतो, मराठीतूनही. रत्नागिरीस १८८६ पासूनचे मनोरुग्णालय आहे. तेथे जाण्यात लाज कसली? गोळ्यांचा गुण दिसण्यास दोन ते चार आठवडे लागतात, तोवर त्या परस्पर बंद करू नयेत. मुंबईकराने पैसे धाडावेतच, पण रोज फोनही करावा.