फुग्याला टांगलेली पेटी

मधूनमधून पेपरात एक छोटी बातमी येते. हैदराबादहून मोठे फुगे सोडणार आहेत, त्यांच्यासोबतची यंत्रं पार सोलापूरपर्यंत कुठंही उतरतील, हात लावू नका, पोलिसांना कळवा. जिल्ह्यांच्या यादीत लातूर, नांदेड असतं. निलंग्यात चहा पिताना ती वाचून मला आधी गंमत वाटायची. मग त्या पेट्यांत काय असतं याचा शोध घेतला, तेव्हा एक नाव सापडलं : डॉ. प्रल्हाद चंद्र अग्रवाल, मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतले.

दवाखान्यात ज्या क्ष-किरणांनी हाड दिसतं, तसेच किरण आकाशातूनही येतात. पण हवा ते वाटेतच शोषून घेते. आपल्या जिवाला ते बरंच, खगोलशास्त्रज्ञाची मात्र पंचाईत. यंत्रच वर न्यावं लागतं. १९६२ साली अमेरिकेत रिकार्डो जियाकोनींच्या गटानं रॉकेट सोडलं ते चंद्रावरून क्ष-किरण येतात का हे बघायला. ईदच्या चाँदसाठी गच्चीवर मान दुखेस्तोवर उभा राहणारा माणूस मी, मला हे फार आवडतं. चंद्र राहिला बाजूला, वृश्चिक राशीत भलताच प्रखर स्रोत सापडला! तिथं एका ताऱ्याचा वायू लहानशा पण अतिशय जड सोबत्यावर कोसळतो आणि कोट्यवधी अंश तापतो. जियाकोनींना २००२ चं नोबेल मिळालं.

आपल्याकडे सुरुवात फुग्यानं झाली. १९६८ मध्ये बी. व्ही. श्रीकंटन यांच्या गटानं हैदराबादहून फुगा सोडून वृश्चिकेतला तोच स्रोत पाहिला. त्या गटात अग्रवाल होते. गोखले, कुंटे अशी आपली आडनावंही होती. पातळ प्लॅस्टिकचा फुगा, आत हायड्रोजन, तीस-चाळीस किलोमीटर उंची. तिथं जोरकस किरण तेवढे पोचतात, सौम्य नाहीत. आणि तेही काही तास. मग पेटी पॅराशूटनं खाली, कुणाच्या तुरीत नाही तर ज्वारीत.

उपग्रह हवा होता. १९७५ च्या आर्यभटावर क्ष-किरणांचं यंत्र होतं, पण विजेच्या बिघाडानं ते चार-पाच दिवसांतच बंद करावं लागलं. १९९६ मध्ये अग्रवालांच्या गटाचं यंत्र आयआरएस-पी३ वर गेलं. तो उपग्रह मुळात जमीन बघणारा; परक्याच्या घरात एक खोली मिळावी तसं ते झालं. स्वतंत्र वेधशाळेला मंजुरी आली २००४ मध्ये, आणि तिच्या आखणीत अग्रवाल पुढे होते. २८ सप्टेंबर २०१५ रोजी ॲस्ट्रोसॅट श्रीहरिकोट्याहून उडाला.

पहिल्या फुग्यापासून सत्तेचाळीस वर्षं! संपादकानं कविता परत पाठवली तर आम्ही आठ दिवस रुसतो.

ॲस्ट्रोसॅट पाच वर्षांसाठी बांधला होता, दहा वर्षांनंतरही तो काम करत होता. तरी हैदराबादचे फुगे संपलेले नाहीत. तेव्हा आपल्या शिवारात एखादी पेटी उतरलीच, तर तारा विकायला ती फोडू नका. धड परत गेली तर तेच यंत्र पुन्हा वर पाठवता येतं.