भारतातील पहिले वृत्तचित्रकार : सावेदादा

• पूर्ण नाव : हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर (१८६८–१९५८). मुंबईत छायाचित्रणाचा व्यवसाय.

• प्रेरणा : ७ जुलै १८९६ रोजी वॉटसन हॉटेलात झालेला ल्युमिएर बंधूंच्या चलच्चित्रांचा खेळ.

• १८९९ : इंग्लंडहून कॅमेरा मागवून हँगिंग गार्डनमधली कुस्ती टिपली. फिल्म धुण्यासाठी लंडनला पाठवली.

• १९०१ : केंब्रिजचे सीनियर रँग्लर (गणिताच्या पदवी परीक्षेत पहिले आलेले) र. पु. परांजपे यांचे मुंबईतील स्वागत चित्रित केले. भारतातील पहिल्या वार्तापटाचा मान याच चित्रणाला दिला जातो.

• पारोळेकरांसाठी : सावेदादांना कॅमेरा इंग्लंडहून मागवावा लागला; आज तो खिशात आहे. बालाजीचा रथोत्सव, भुईकोट किल्ला, गावातले जुने कारागीर यांचे चित्रण करा आणि तारीख, ठिकाण, नावे यांच्या नोंदीसह ते जपून ठेवा.