मदतनीस परिचारिकेचे चोवीस महिने

अमेरिकेतील शुश्रूषागृहांत वृद्धांना आंघोळ घालणे, भरविणे, कूस पालटून देणे ही कामे मदतनीस परिचारिका करतात. १९८७ च्या संघीय कायद्याने त्यांना किमान ७५ तासांचे शिक्षण व परीक्षा सक्तीची केली. पुढे दरवर्षी १२ तासांची उजळणी संस्थेने द्यावयाची. हे रास्तच, उजळणी आम्हां शिक्षकांनाही लागते!

खरी मेख निराळीच आहे. सलग २४ महिने वेतन घेऊन असे काम केले नाही, तर शिक्षण व परीक्षा पुन्हा, किंवा निदान परीक्षा तरी पुन्हा द्यावी लागते. त्या काळात एखादीने घरी अंथरुणाला खिळलेल्या सासूची रात्रंदिवस शुश्रूषा केली, तरी ती बिनपगारी म्हणून हिशेबात धरीत नाहीत. आपल्यापैकी कोणाची लेक वा सून तिकडे या कामात असेल, तर तिने शेवटच्या पगाराची पावती जपून ठेवावी.