फोटोंचा स्लाइड शो : बटण दाबण्याआधी

आजचा विषय वाचून दोघा-तिघांनी आम्हाला दारातच विचारलं, "स्लाइड शोवर एवढं काय बोलणार? एक बटण तर दाबायचं असतं!" अगदी खरं आहे. विंडोजच्या संगणकावर एखादा फोटो 'फोटोज' या अ‍ॅपमध्ये उघडा, एफ ५ दाबा, शो सुरू. एस्केप दाबलं की बंद. मॅक असेल तर सगळे फोटो निवडून 'प्रिव्ह्यू'मध्ये उघडायचे आणि 'व्ह्यू'च्या यादीतून स्लाइड शो निवडायचा. झालं. बटणाचा भाग संपला. आम्ही बोलणार आहोत ते बटण दाबण्याआधी करायच्या कामाबद्दल, कारण घरोघरी अडतं ते तिथे.

काय होतं बघा. घरात कुणाची तरी पंचाहत्तरी असते, सहस्रचंद्रदर्शन असतं, लग्नाला पन्नास वर्षं झालेली असतात. नात किंवा मुलगा आदल्या रात्री जागून मिळतील ते तीनशे फोटो एका फोल्डरमध्ये टाकतो. दुसऱ्या दिवशी टीव्हीवर शो लागतो. दर पाच सेकंदांनी फोटो पुढे. तीनशे गुणिले पाच, म्हणजे पंधराशे सेकंद, पंचवीस मिनिटं. पहिली पाच मिनिटं सगळे बघतात. मग आजी म्हणतात, "अरे थांब थांब, मागे घे, त्या कोपऱ्यात कोण होतं?" तोवर तीन फोटो पुढे गेलेले. दोनदा विचारतात, तिसऱ्यांदा विचारत नाहीत. जेवणाची पानं मांडली जातात आणि शो आपला भिंतीवर चालू राहतो.

आता ज्यांच्यासाठी हे चाललं होतं, त्यांनाच तो बघता आला नाही. हे संगणकामुळे झालं का? नाही. आपण शो 'लावला', 'सांगितला' नाही, म्हणून झालं.

ही सांगण्याची रीत आपल्याकडे जुनी आहे. सिनेमा यायच्या आधी, १८९० च्या दशकात, कल्याणच्या महादेव गोपाळ पटवर्धनांनी आणि त्यांच्या मुलांनी 'शांबरिक खरोलिका' नावाचे खेळ केले. काचेवर हातानं रंगवलेली चित्रं, मागे दिवा, पुढे भिंग आणि समोर पडदा. रामायण-महाभारतातल्या कथा, सोबत निवेदन आणि संगीत. चित्र किती वेळ पडद्यावर राहणार हे सांगणारा ठरवायचा, दिवा नव्हे. पुढे १९६१ साली कोडॅकचा 'कॅरोसेल' प्रोजेक्टर आला. त्याच्या गोल थाळीत ऐंशी पारदर्शिका बसायच्या. व्याख्याता हातातलं बटण दाबायचा, खट्ट असा आवाज व्हायचा, पुढचं चित्र यायचं. आमच्यातल्या काहींनी महाविद्यालयात तो आवाज ऐकलेला आहे. थाळीत जागा ऐंशीचीच, त्यामुळे निवड करावीच लागायची. संगणकानं ही मर्यादा काढून टाकली आणि आपण निवडणंच सोडून दिलं.

तेव्हा पहिलं काम निवडीचं. आम्ही घरच्यांना साठ ते ऐंशी हा आकडा सुचवतो. तो काही शास्त्रीय नाही, पण एका फोटोवर सरासरी अर्धा मिनिट बोलणं झालं तर ऐंशी फोटोंची चाळीस मिनिटं होतात आणि माणसं तेवढी बसतात. एकाच प्रसंगाचे सहा फोटो असतील तर एक ठेवा, ज्यात चेहरे दिसतात तो. आणि निवडताना एक गोष्ट मुद्दाम बघा, की कोण सारखं राहून जातंय? घरोघरी एखादी काकू अशी असते, जी फोटो काढायच्या वेळी स्वयंपाकघरात असायची. तिचा एकुलता एक पुसटसा फोटो 'क्वालिटी चांगली नाही' म्हणून वगळू नका. तो ठेवाच.

दुसरं काम क्रमाचं. इथे जरा थांबून बोलू, कारण सगळ्यात जास्त घोळ इथे होतो. फोटो कुठला आधी, कुठला नंतर, हे संगणकाला कळत नाही. तो दोनच गोष्टी बघतो, फाइलचं नाव आणि फाइलची तारीख. आता तारीख म्हणजे काय? डिजिटल कॅमेरा किंवा फोन फोटोच्या पोटात एक छोटी चिठ्ठी लिहून ठेवतो. हिला 'एक्झिफ' म्हणतात, १९९५ पासूनची पद्धत आहे ही. फोटो कधी काढला, कुठल्या कॅमेऱ्यानं काढला, कॅमेरा आडवा धरला होता की उभा, हे सगळं त्यात असतं. मात्र आजोबांच्या १९६८ सालच्या लग्नाचा फोटो तुम्ही २०२४ मध्ये स्कॅन केलात तर त्या फाइलची तारीख २०२४. मग तारखेप्रमाणे लावलं की नातवाच्या मुंजीनंतर आजोबांचं लग्न लागतं! (हशा)

व्हॉट्सअ‍ॅपवरून नेहमीच्या पद्धतीनं आलेल्या फोटोचं आणखी वेगळं. पाठवताना फोटो लहान केला जातो आणि ही चिठ्ठी काढून टाकली जाते. फाइलच्या नावात जी तारीख दिसते ती फोटो काढल्याची नसते, तो व्हॉट्सअ‍ॅपवर आला-गेला त्या दिवसाची असते. म्हणून नातेवाइकांकडून फोटो मागवताना सांगा, 'डॉक्युमेंट' म्हणून पाठवा. तसं पाठवलं की मूळ फाइल जशीच्या तशी येते.

यावर आम्हाला पटलेला उपाय अगदी साधा आहे, तारखेच्या नादी लागू नका, नावं बदला. प्रत्येक फाइलच्या नावाच्या सुरुवातीला तीन आकडी क्रमांक घाला, ००१, ००२, ००३. शून्यं कशाला, असं वाटेल. विंडोजचा फाइल एक्सप्लोरर समजूतदार आहे, तो १, २, १० असं बरोबर लावतो. पण तोच पेन ड्राइव्ह थेट टीव्हीला लावलात तर बरेच टीव्ही अक्षरं बघून लावतात, १, १०, ११ आणि मग २. शून्यं घातली की दोन्हीकडे क्रम सारखा राहतो. आकडे इंग्रजी घाला आणि नावंही रोमन लिपीत ठेवा. काही टीव्ही मराठी अक्षरांच्या जागी नुसते चौकोन दाखवतात.

मग १९६८ च्या आधीचं, नंतरचं कसं ठरवायचं? फोटोच्या मागे बघा. स्टुडिओचा शिक्का असतो, कधी पेनानं लिहिलेलं असतं. म्हणून स्कॅन करताना मागची बाजूही स्कॅन करा, अक्षर असेल तर हमखास. काहीच नसेल तर कडेवरच्या बाळाला विचारा, म्हणजे ते बाळ कोण ते शोधा. बाळ १९६४ चं आणि फोटोत वर्षाचं दिसतंय, तर फोटो १९६५ चा. एखाद्या बाईच्या कपाळावर कुंकू आहे की नाही, यावरूनही आपल्याकडे अनेक घरांत फोटोचा काळ ठरतो. ऐकायला बरं वाटत नाही, पण जुन्या अल्बममधली ती पक्की खूण आहे.

स्कॅनिंगबद्दल थोडक्यात. सहा बाय चार इंचाचा फोटो ३०० डीपीआयवर स्कॅन केला की १८०० बाय १२०० बिंदूंचं चित्र मिळतं. साध्या एचडी टीव्हीचा पडदा १९२० बाय १०८० चा, म्हणजे पुरतं. पण जुने कृष्णधवल फोटो पुष्कळदा सहा सेंटिमीटरचे चौकोन असतात, 'अ‍ॅग्फा क्लिक' कॅमेऱ्याचे वगैरे. ते ३०० वर केले तर जेमतेम ७०० बिंदू येतात आणि पडद्यावर चेहरे विरघळतात. ते ६०० वर करा. फोनच्या कॅमेऱ्यानं काढायचे असतील तर खिडकीजवळ काढा, फ्लॅश बंद ठेवा आणि फोन वाकडा धरू नका. अल्बमच्या चिकट पानावरून फोटो ओढून काढू नका, फाटतो. पानासकट स्कॅन करा.

दोन तांत्रिक अडचणी हमखास येतात. एक, फोटो आडवा पडतो. फोन उभा धरून काढलेला फोटो पुष्कळदा फिरवून साठवलेला नसतो. 'दाखवताना फिरवा' एवढी सूचना त्या चिठ्ठीत असते. जुना प्रोग्रॅम किंवा टीव्ही ती वाचत नाही. संगणकावर फोटो फिरवून सेव्ह केलात की प्रश्न मिटतो. दुसरी, आयफोनचे फोटो. २०१७ पासून आयफोन 'एचईआयसी' प्रकारात फोटो साठवतो, ते पुष्कळ टीव्हींवर उघडत नाहीत. आधीच 'जेपेग'मध्ये बदलून घ्या.

आता शो चालवायचा कशात? नुसतं दाखवायचं असेल तर 'फोटोज' पुरे. आमची पसंती मात्र 'इरफानव्ह्यू'ला. १९९६ पासूनचा छोटा प्रोग्रॅम आहे, घरगुती वापराला फुकट. त्यात फोटो आपोआप न सरकता, आपण कळ दाबली की सरकेल असं ठरवता येतं, आणि फाइलचं नाव पडद्यावर दाखवता येतं. पॉवरपॉइंट असेल तर त्यात 'फोटो अल्बम' अशी सोय आहे, एका झटक्यात प्रत्येक फोटोची स्लाइड होते, खाली ओळ लिहिता येते. पॉवरपॉइंटमधली एक युक्ती सांगतो. शो चालू असताना 'बी' हे अक्षर दाबलं की पडदा काळा होतो, पुन्हा दाबलं की फोटो परत. एखाद्या फोटोवरून गोष्ट निघाली की पडदा काळा करा, माणसं फोटोकडून सांगणाऱ्याकडे वळतात.

टीव्हीला एचडीएमआय केबल लावली की विंडोजची कळ आणि पी एकत्र दाबून 'डुप्लिकेट' निवडा. टीव्ही कधी कधी चित्राच्या कडा कापतो, ग्रुप फोटोत टोकाची माणसं जातात. टीव्हीच्या पिक्चर सेटिंगमध्ये पूर्ण चित्र दाखवण्याचा पर्याय असतो, तो आधीच करून ठेवा. चार्जर लावा. आणि संगणकावर व्हॉट्सअ‍ॅप बंद करा, नाहीतर सासूबाईंच्या फोटोवर सूनबाईंच्या मैत्रिणीचा मेसेज झळकतो. (हशा)

आता ज्याच्यासाठी एवढं सगळं सांगितलं, ते. समारंभातला शो हा दुसरा शो असला पाहिजे. पहिला शो आठ-दहा दिवस आधी घरात करा, घरातली सगळ्यात वडीलधारी दोन-तीन माणसं घेऊन, दुपारच्या निवांत वेळी. फोटो आपोआप सरकू देऊ नका. फोनवर आवाजाचं रेकॉर्डिंग सुरू करून तो टेबलावर ठेवा. प्रत्येक फोटो आला की आधी त्याचा क्रमांक मोठ्यानं म्हणा, "सत्तावीस." मग विचारा, डावीकडून कोण कोण? क्रमांक म्हटला नाहीत तर महिन्याभरानं रेकॉर्डिंग ऐकताना 'ही बघ, ही ती' एवढंच ऐकू येईल आणि ही कोण, ती कोण, कळणार नाही.

नावं विचारताना नात्यावर थांबू नका. "ही माईआत्या, हे अण्णा" हे आज पुरतं, पण माई कुणाची आत्या? तीस वर्षांनी तो फोटो बघणाऱ्याला किमान चार माई आणि सहा अण्णा भेटणार आहेत. आपल्याकडे लग्नात मुलीचं आडनाव बदलायचं, पुष्कळ घरांत नावही बदलायचं. म्हणजे माहेरच्या अल्बममध्ये एक नाव, सासरच्या अल्बममध्ये दुसरंच, आणि हाक मारायला तिसरं. आम्ही असे कितीतरी नातू-नाती बघितले, ज्यांना स्वतःच्या आजीचं माहेरचं नाव ठाऊक नव्हतं. ते माहीत असलेलं घरात एखादंच माणूस उरलेलं असतं. म्हणून दोन्ही नावं विचारा, गाव विचारा. "आठवत नाही" म्हणाले तर पुढे चला. पाच फोटोंनंतर आपोआप आठवतं, मग मागे या. फोटो आपल्या हातात आहे तो याचसाठी.

या बैठकीत काही फोटोंवर शांतता पसरते, तेही सांगून ठेवतो. गेलेला मुलगा असतो, मोडलेलं लग्न असतं. तो फोटो समारंभात दाखवायचा का, हे त्याच वेळी त्यांनाच विचारा. दाखवू नका म्हणाले तर शोमधून काढा, पण फोल्डरमधून पुसू नका.

मिळालेली नावं लगेच लिहा. फोटोच्या फाइलवर राइट क्लिक, 'प्रॉपर्टीज', त्यात 'डिटेल्स'. तिथे 'टायटल'च्या रकान्यात मराठीतही लिहिता येतं, आणि हे नाव जेपेगच्या पोटातच राहतं, फाइल दुसऱ्या संगणकावर गेली तरी. व्हॉट्सअ‍ॅपवर नेहमीसारखा फोटो पाठवलात तर मात्र ते जातं, मघाशी म्हटलं तसं. म्हणून त्याच फोल्डरमध्ये एक साधी यादीही ठेवा, क्रमांक, वर्ष, डावीकडून नावं, गाव. तिची एक छापील प्रत काढून जुन्या अल्बमच्या कव्हरमध्ये सरकवा. फोल्डर, यादी आणि ते रेकॉर्डिंग, तिन्हींची एक प्रत घरातल्या संगणकावर आणि एक दुसऱ्या घरी, बहिणीकडे म्हणा, भावाकडे म्हणा.

आता प्रश्न घेऊ. आणि ज्यांनी पेन ड्राइव्ह आणलेत त्यांनी पुढे या, फोटो आडवे पडत असतील तर इथेच सरळ करून देतो.