बेआटे मायन्का-येलिंगहाउस : नव-जर्मन चित्रपटातील संकलनकार्य

प्रस्तावना :
चित्रपटाचा विचार बहुधा दिग्दर्शकाला केंद्रस्थानी ठेवून केला जातो. नव-जर्मन चित्रपटाच्या इतिहासलेखनातही हीच प्रवृत्ती आढळते. २८ फेब्रुवारी १९६२ रोजी ओबरहाउझेन येथे २६ जणांनी स्वाक्षरी केलेल्या जाहीरनाम्याने जुना चित्रपट मृत झाल्याचे घोषित केले. त्यातून उदयास आलेल्या प्रवाहात अलेक्झांडर क्लुगे व वेर्नर हेर्झोग ही नावे अग्रगण्य ठरली. या दोघांच्याही महत्त्वाच्या कलाकृतींचे संकलन बेआटे मायन्का-येलिंगहाउस यांनी केले, ही बाब मात्र उपेक्षित राहिली. प्रस्तुत लेखात त्यांच्या कार्याचा संक्षिप्त आढावा घेतला आहे.

क्लुगे यांची तुकड्यांची रचना :
क्लुगे यांचा 'आब्शीड फॉन गेस्टर्न' (कालचा निरोप) हा चित्रपट १९६६ मध्ये प्रदर्शित झाला. पूर्व जर्मनीतून पश्चिमेत आलेल्या आनिता जी. या ज्यू तरुणीची ही कथा सलगपणे उलगडत नाही. छायाचित्रे, लिखित पाट्या, निवेदन आणि अभिनित प्रसंग एकमेकांशेजारी ठेवले जातात व त्यांतील संबंध प्रेक्षकाने जोडावा अशी अपेक्षा असते. क्लुगे यांच्या मते चित्रपट प्रेक्षकाच्या मनात पूर्ण होतो. या भूमिकेत संकलन हे कथेला गती देण्याचे साधन न राहता विचार मांडण्याची पद्धती बनते. १९६८ मध्ये व्हेनिस महोत्सवात सुवर्णसिंह मिळविणारा सर्कसविषयक चित्रपट, तसेच 'दी पॅट्रिओटिन' (१९७९) यांचे संकलनही मायन्का-येलिंगहाउस यांचेच होते.

हेर्झोग यांचे दीर्घ दृश्य :
हेर्झोग यांची प्रकृती याच्या नेमकी उलट होती. 'लेबेन्सझायखेन' (१९६८) पासून 'फित्झकाराल्दो' (१९८२) पर्यंतच्या त्यांच्या नऊ कथापटांचे संकलन मायन्का-येलिंगहाउस यांनी केले. 'अगिरे' (१९७२) च्या आरंभी अँडीजच्या डोंगरउतारावरून मुंग्यांच्या रांगेसारखी माणसे उतरताना दिसतात. येथे दृश्य कोठे कापावे यापेक्षा ते किती काळ कापू नये, हा प्रश्न महत्त्वाचा ठरतो. 'वॉयत्सेक' (१९७९) चे चित्रण १८ दिवसांत, तर संकलन अवघ्या चार दिवसांत झाले. चित्रणच दीर्घ सलग दृश्यांत केलेले असल्याने हे शक्य झाले. 'फाटा मोर्गाना' (१९७१) ची स्थिती वेगळी होती. सहारा वाळवंटात टिपलेल्या दृश्यांना कथानकाचा आधार नव्हता; मूळची विज्ञानकथेची कल्पना हेर्झोग यांनी सोडून दिली होती. त्या सामग्रीला तीन भागांची रचना, निवेदन व संगीत यांची जोड मिळाली आणि चित्रपटाचा घाट प्रामुख्याने संकलनाच्या टेबलावर सिद्ध झाला.

संकलकाची निर्भीड भूमिका :
मायन्का-येलिंगहाउस या आपल्या चित्रपटांच्या कठोर टीकाकार होत्या, असे हेर्झोग यांनी मुलाखतींत आवर्जून सांगितले आहे. हाती आलेल्या सामग्रीविषयीची नापसंती त्या स्पष्ट शब्दांत व्यक्त करीत. तरीही, किंबहुना त्यामुळेच, हा सहयोग सुमारे दीड दशक टिकला. चित्रणस्थळी सोसलेले श्रम दिग्दर्शकाला प्रत्येक दृश्याविषयी ममत्व वाटावयास लावतात. संकलकाला मात्र पडद्यावर जे दिसते तेवढेच प्रमाण असते. ही अलिप्तता त्याच्या कार्याचा गाभा होय.

समारोप :
एकाच व्यक्तीने तुकड्यांतून अर्थ उभा करणारी आणि अखंड दृश्यातून अर्थ साकारणारी, अशा दोन भिन्न शैली समर्थपणे हाताळल्या. यावरून संकलकाची 'शैली' एखाद्या ठराविक वेगात किंवा क्लृप्तीत शोधता येत नाही, हे स्पष्ट होते. ती सामग्रीच्या प्रकृतीची अचूक पारख करण्यात असते. उत्तम संकलन जाणवत नाही, म्हणून त्याची नोंदही होत नाही. चित्रपट-अभ्यासाच्या अध्यापनात दिग्दर्शकाच्या नावाबरोबर संकलकाच्या निर्णयांचे विश्लेषण झाले, तर चित्रपट ही सामूहिक निर्मिती असल्याचे भान विद्यार्थ्यांना अधिक नेमकेपणाने देता येईल.