लग्नसराई आणि शेतकऱ्याच्या जमाखर्चाची तोंडमिळवणी

तुळशीचीं लग्नें लागलीं कीं आमच्या भागांत लग्नसराईची चाहूल लागते, आणि चैत्र-वैशाख आले म्हणजे ती ऐन भरास येते. बीडहून मांजरसुंब्यास येऊन केजकडे जाणाऱ्या रस्त्यावर नेकनूर हें बाजाराचें गांव आहे. येथील आठवड्याचा बाजार गुरें व शेळ्यामेंढ्या यांच्या खरेदीविक्रीबद्दल पंचक्रोशींत प्रसिद्ध आहे. उन्हाळ्यांत अशा बाजारीं उभें राहून जनावराच्या धन्यास विक्रीचें कारण विचारावें, तर वैरण संपली हें एक उत्तर मिळतें आणि घरांत कार्य निघालें हें दुसरें. पहिलें कारण अवर्षणाचें आहे व त्याविषयीं पुष्कळ लिहिलें जातें. दुसऱ्या कारणाविषयीं मात्र आपण शेतकरी सहसा बोलत नाहीं. लग्न हें मंगलकार्य, आणि मंगलकार्याचा हिशेब काढणें अभद्र, अशी आपली समजूत आहे. ही समजूत क्षणभर बाजूस ठेवून आज आम्ही तो हिशेब वाचकांपुढें मांडीत आहों.

प्रथम या व्यवहाराचें स्वरूप पाहूं. पूर्वीहि लग्नास पैसा लागे. परंतु त्याचा पुष्कळसा भाग गांवांतच फिरे. मांडवाच्या मेढी व डहाळे शेतांतून येत. कुंभार मडकीं देई, गुरव पत्रावळी लावी, न्हावी व परीट आपापलें काम करीत, आणि त्यांचा मान धान्याच्या रूपानें पोंचता होई. स्वयंपाक भावकींतल्या बायका करीत व भांडीं घरोघरचीं गोळा होत. रोख रक्कम जाई ती मुख्यत्वेंकरून सोनाराकडे व कापडवाल्याकडे. आज मांडव ठेक्यानें, आचारी ठेक्यानें, बॅंड व ध्वनिक्षेपक ठेक्यानें. घोडा, फुलांची आरास, छायाचित्रें, पत्रिका, फेटे बांधणारा, यांपैकीं प्रत्येक बाब रोखीची झाली आहे. रस्त्यालगत मंगल कार्यालयें उभीं राहिलीं आहेत, आणि ज्याच्या दारांत चांगलें अंगण आहे तोहि आतां कार्यालयच पाहूं लागला आहे.

हा धंदा वाईट आहे असें आमचें म्हणणें नाहीं. मांडव उभारणारे, वाढपी, वाजंत्री, आचाऱ्याच्या हाताखालचीं माणसें हीं बहुधा अल्पभूधारकांच्याच घरचीं असतात, व या चार महिन्यांच्या मजुरीवर त्यांचें घर चालतें. आमचें म्हणणें इतकेंच कीं, या धंद्यांत शेतकरी हा नेहमींचा गिऱ्हाईक आहे, विक्रेता मात्र क्वचित् आहे. ज्या घरीं तूर पिकते त्याच घरच्या मांडवांत किराणा दुकानची डाळ शिजते. जेथें झेंडू उत्तम येतो तेथेंहि आरास करणारा आपलीं फुलें शहरच्या बाजारांतून घेऊन येतो. पैसा शेतांतून निघतो आणि शेताकडे परत येत नाहीं, हा या व्यवहाराचा पहिला दोष.

दुसरा दोष काळाचा आहे. सोयाबीन दसरा-दिवाळीच्या सुमारास विकलें जातें. कापसाची वेंचणी पौष-माघापर्यंत आटोपते. लग्नें मात्र बहुतेक वैशाख-ज्येष्ठांत होतात, कारण त्या दिवसांत शेत मोकळें असतें व मुलांच्या शाळांस सुटी असते. त्या वेळेपर्यंत पिकाचा पैसा मागील देण्यांत गेलेला असतो आणि मृग तोंडावर येतो. मग बीं-खतासाठीं राखलेली रक्कम मांडवांत जाते आणि बीं-खत उधारीनें आणावें लागतें. एकाच लग्नाचें कर्ज अशा रीतीनें दोन वह्यांत लिहिलें जातें; एक सावकाराच्या, आणि दुसरें बियाण्याच्या दुकानदाराच्या. दुसऱ्या वहींतील रकमेस आपण शेतीचें कर्ज म्हणतों. वास्तविक तें लग्नाचेंच असतें.

आतां व्याजाचा हिशेब. समजा, एका कुटुंबानें कार्यासाठीं ३ लाख रुपये खाजगी रीतीनें, शेंकडा दरमहा ३ रुपये व्याजानें घेतले. दरमहा व्याज ९,००० रुपये. वर्षाचें १ लाख ८ हजार. सन २०२४-२५ च्या हंगामांत सोयाबीनचा सरकारी हमीभाव क्विंटलास ४,८९२ रुपये होता, आणि बाजारांत पुष्कळदां त्याहूनहि कमी दर मिळाला. हमीभाव धरला तरी हें व्याज म्हणजे २२ क्विंटल सोयाबीन होय. कोरडवाहू जमिनींत एकरीं ६ क्विंटल उतारा धरल्यास साडेतीन एकरांहून अधिक जमिनीचें सबंध पीक केवळ व्याजांत गेलें. त्यांत बीं, खत, फवारणी, मजुरी व मळणी यांचा खर्च धरलेला नाहीं, आणि मुद्दल तर जागच्या जागीं आहे. ज्याची जमीनच चार-पांच एकर, त्यानें या हिशेबापुढें काय करावें? जनावर विकावें, जमीन गहाण ठेवावी, किंवा साखर कारखान्याच्या मुकादमाकडून उचल घ्यावी, हेच मार्ग उरतात.

सोन्याची गोष्ट याहून निराळी आहे व ती फारशी कोणाच्या लक्षांत येत नाहीं. देण्याघेण्याचें बोलणें तोळ्यांत होतें, रुपयांत होत नाहीं. सन २०१४ मध्यें दहा ग्रॅम सोन्याचा भाव सुमारें २८,००० रुपये होता व सोयाबीनचा हमीभाव २,५६० रुपये. म्हणजे आजच्या हिशेबाच्या दहा ग्रॅमी तोळ्यास सुमारें ११ क्विंटल सोयाबीन पडे. एप्रिल २०२५ मध्यें सोन्यानें लाखाचा आंकडा गांठला, तेव्हां त्याच तोळ्यास २० क्विंटलांहून अधिक सोयाबीन द्यावें लागलें. बोलणें ‘पांच तोळ्यां’चेंच राहिलें, परंतु शेतकऱ्याच्या पोत्यांत मोजलें तर तें जवळजवळ दुप्पट झालें. रीत बदलली नाहीं म्हणून खर्चहि वाढला नाहीं, असें मानणाऱ्यानें हा ताळा करून पाहावा.

येथें एक जुना वाद आठवतो. सन १८७५ च्या मे महिन्यांत पुणें जिल्ह्यांतील सुपें येथें, व त्यापाठोपाठ आपल्या शेजारच्या नगर जिल्ह्यांतहि, शेतकऱ्यांनीं सावकारांच्या विरुद्ध उठून कर्जरोखे जाळले. त्याच्या चौकशीसाठीं मुंबई सरकारनें आयोग नेमला. कुणबी लग्नांत पैसा उधळतो म्हणून कर्जबाजारी होतो, असें तेव्हां मोठमोठे अधिकारी म्हणत. आयोगानें मात्र या कारणास वाजवीपेक्षां अधिक महत्त्व दिलें गेल्याचें नमूद केलें. असे प्रसंग आयुष्यांत थोडे येतात, आणि अनेक वर्षांवर तो खर्च वांटला तर माणसानें आपल्या आनंदासाठीं करावा त्याहून तो फारसा जास्त होत नाहीं, असा त्याचा अभिप्राय होता. हा अभिप्राय आम्हांस न्याय्य वाटतो. वर्षभर उन्हांत राबणाऱ्या माणसानें मुलीच्या लग्नांत चार पाहुण्यांस गोड जेवण घातलें, तर तो गुन्हा नव्हे. त्याला बुडवितें तें जेवण नव्हे. परक्याच्या पैशाचें व्याज, चुकीची वेळ, आणि शेजाऱ्याच्या बरोबरीची ईर्ष्या, हीं त्याला बुडवितात.

परंतु त्या काळीं न दिसलेली एक बाजू आज आपल्या जिल्ह्यांत उघडी पडली आहे, आणि तिच्यासाठींच हा लेख लिहिण्याची आम्हांस निकड वाटली. सन २०११ च्या जनगणनेंत बीड जिल्ह्यांत सहा वर्षांखालील हजार मुलांमागें केवळ ८०७ मुली आढळल्या. सबंध महाराष्ट्रांत हा आंकडा सर्वांत कमी होता. सन २००१ मध्यें तो ८९४ होता. जिच्या जन्माबरोबर बापाच्या मनांत कर्जाचा आंकडा उभा राहतो, ती मुलगी जन्मासच येऊं नये असें वाटणारीं घरें आपल्यांत निघालीं, ही लाज कोणत्याहि आरासीनें झांकली जाणार नाहीं.

ज्या मुली जन्मास येतात त्यांची कथाहि याच खर्चाशीं बांधलेली आहे. सन २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणींत, बीड जिल्ह्यांतील २० ते २४ वर्षें वयाच्या स्त्रियांपैकीं शेंकडा ४३ हून अधिक जणींचें लग्न अठरा वर्षें पुरीं होण्यापूर्वींच झालेलें आढळलें. राज्याचें प्रमाण सुमारें २२ आहे. याचें कारण अज्ञान एवढेंच नाहीं. ऊसतोडीची उचल जोडप्यास मिळते. नवराबायको मिळून एक कोयता धरला जातो व एकटा गडी अर्धा कोयता ठरतो. शिवाय आईबाप सहा महिने कारखान्यावर गेलें असतां वयांत आलेली मुलगी कोणाच्या भरंवशावर ठेवावी ही चिंता असते. मुलगी लहान असतां मागणी कमी व खर्चहि कमी, हा तिसरा हिशेब. हुंडाबंदीचा कायदा १९६१ चा आहे व बालविवाहास प्रतिबंध करणारा कायदा २००६ चा. कायदे असावेतच, पण जोंवर खर्चाचा फांस सैल होत नाहीं तोंवर मांडवामागच्या दारानें जुनीच रीत चालूं राहील.

उपाय आहेत काय? आहेत, आणि ते आपण पाहिलेलेहि आहेत. सन २०२० मध्यें साथीमुळें लग्नास ५० माणसांची मर्यादा पडली. एप्रिल २०२१ मध्यें आपल्या राज्यांत ती २५ माणसें व दोन तास इतकी झाली. त्या दोन वर्षांत कित्येक लग्नें घराच्या ओसरीवर लागलीं. ते संसार कांहीं कमी सुखाचे झाले नाहींत, आणि लोकांनींहि नांवें ठेविलीं नाहींत. कारण तेव्हां सर्वांस एकच नियम होता. यावरून एक गोष्ट सिद्ध झाली. एकट्यानें खर्च कमी केला तर त्यास कंजूष म्हणतात. सर्व गांवानें मिळून केला तर ती रीत होते. म्हणून हें काम एकेका कुटुंबाचें नसून गांवाच्या सोसायटीचें व ग्रामसभेचें आहे.

आमच्या सूचना अशा. एक, प्रत्येक गांवानें वर्गणीनें मोठीं भांडीं, सतरंज्या व मांडवाचें सामान घ्यावें व अल्प भाड्यानें द्यावें. ठेक्याचा एक मोठा भाग त्यानेंच वांचेल. दोन, मार्गशीर्षापासून माघापर्यंतचे मुहूर्त अधिक पसंत करावे, म्हणजे पीक विकल्याचा पैसा हातीं असतां कार्य उरकेल. तीन, साखरपुड्यांतच लग्न लावण्याची जी चाल आपल्याकडे सुरू झाली आहे तिला मान द्यावा. एकाच पंगतींत दोन कार्यें होतात. चार, शेतकरी व शेतमजूर यांच्या मुलींसाठीं सरकारची शुभमंगल विवाह योजना आहे. सामूहिक किंवा नोंदणी पद्धतीच्या विवाहास तिच्यांतून मिळणारें साह्य १०,००० रुपयांवरून पुढें २५,००० रुपये करण्यांत आलें. त्याचा लाभ घेण्यांत कमीपणा मानूं नये. पांच, मुलीचें वय अठरा व मुलाचें एकवीस पुरें झाल्याचा दाखला पाहिल्याशिवाय गांवचीं भांडीं कोणासहि देऊं नयेत. सहा, डाळ, भाजी, दूध व फुलें शक्य तों गांवांतलींच घ्यावींत, म्हणजे लग्नसराई ही शेतकऱ्यासहि थोडीशी विक्रीची सराई होईल.

आणि शेवटीं एक साधी गोष्ट. पेरणीपूर्वीं आपण बियाण्याचा, खताचा, मजुरीचा अंदाज करतों. तसाच, पत्रिका छापण्यापूर्वीं, घरांतील सर्वांनीं, मुलीच्या आईनें व खुद्द मुलीनेंहि, एकत्र बसून कागदावर हिशेब मांडावा, आणि त्यांत व्याजाची रक्कम निराळी लिहावी. ती रक्कम जमिनीच्या किती एकरांचें पीक खाईल हें त्याच कागदावर लिहिलें म्हणजे कोठें हात आंखडावा हें दुसऱ्यानें सांगावें लागणार नाहीं. नेकनूरच्या बाजारांत म्हातारें जनावर विकलें जावें, नवें घेतलें जावें. हा शेतीचा क्रमच आहे. परंतु भर कामाची बैलजोडी मृगाच्या तोंडावर लग्नासाठीं दावणीवरून सुटूं नये, आणि शाळेंत जाणारी मुलगी कर्जाच्या भीतीनें बोहल्यावर चढूं नये, एवढें जरी या लेखानें दहा घरांत साधलें, तरी आमचे श्रम सार्थकीं लागले असें आम्ही समजूं.